राजाची आई

लॉकडाउनमध्ये माझ्या लेकीची, शाल्मलीची शाळा इकडे परदेशात, स्कोफिल्ड्सला आमच्या डायनिंग टेबलावरच भरायची. त्या दिवशी तिला मध्ययुगातल्या एका स्कॉटिश राजाची फॅमिली ट्री काढायची होती. राणी होती, मुलं होती, राजाच्या आईचा मात्र पत्ता नव्हता.

माझं डोकं आधीच फिरलेलं. बाबा गेल्यावर पुण्यात एकट्या पडलेल्या आईला इकडे आणायचा माझा अर्ज इथल्या सरकारने सकाळीच ईमेल करून तिसऱ्यांदा नाकारला होता. मी शाल्मलीवर खेकसले, "जिने त्याला जन्म दिला तिलाच गाळलंस? लाज नाही वाटत?"

ती शांतपणे म्हणाली,

"मिस सेड, ओन्ली इमिजिएट फॅमिली. तुला आलेल्या सकाळच्या ईमेलमध्येच होतं ना, आई त्यात येत नाही."