पुसलेला भादवा

पोलीस ॲक्शन झाली, निजामाचं फसली साल गेलं आणि इंग्रजी तारखा आल्या. तसं गुलमंडीत पाट्या रंगवणारा बन्सी बायकोला म्हणाला, "सारजा, सरकार सालच्या साल बदलतंय, मग आपल्याला एक महिना नाय बदलता येणार व्हय?"

सारजाबाईची आधीची दोन्ही लेकरं भादव्यातच गेली होती. आता तिसरं मांडीवर होतं.

बन्सीनं घरच्या भिंतीवर स्वतःचं कॅलेंडर रंगवलं. त्यात पेरणीचा महिना होता, हुरड्याचा होता. भादव्याच्या चौकटीवर मात्र त्यानं जाड चुना फासला. त्या घरात भादव्याचं नावही कुणी काढलं नाही.

एका सकाळी शेजारची कमरुन्निसा दारातूनच ओरडली, "भाभी, गल्लीत घट बैठे! निकल गया तुम्हारा भादवा!"

सारजाबाई बाळाला छातीशी धरून मनमोकळी रडली. मग भिंतीला हात जोडायला वळली.

खडखडीत वाळलेला चुना ओला झाला होता. त्यात इवल्या हातांचे दोन पंजे उमटले होते, एक जरासा मोठा, एक लहान, भिंतीच्या आतून दाबल्यासारखे.

तिनं झटकन बाळाच्या मुठी उघडून पाहिल्या. चुन्याचा ठिपकासुद्धा नव्हता. तिचा जीव भांड्यात पडला.

बाळ मात्र भिंतीकडं बघून खुदकन हसलं, आणि ओळखीच्या माणसाकडं झेपावावं तसं झेपावलं.