पडद्यामागची बाजू

"अगं, वहिनी उजव्या हातानं कधीपासून शिवायला लागली?" मालूआत्यानं मागे वळून विचारलं. तिची वहिनी म्हणजे माझी आई. पक्की डावखुरी.

आईच्या वर्षश्राद्धानंतर मी माझा सिनेमा गावातल्या रिकाम्या गोदामात लावला होता. सात तासांचा. आई एक गोधडी शिवते, एवढंच. त्यातला एकही टाका मी कापला नव्हता. कुणीही यावं, घरी जाऊन जेवून परत यावं. पातळ धोतराचा पडदा मधोमध बांधला होता. पूर्वी जत्रेतल्या तंबूत पडद्याच्या एका बाजूला बायका, दुसऱ्या बाजूला पुरुष बसायचे; तशाच बायका पडद्यासमोर बसल्या आणि माझे वडील, अण्णा, सवयीनं पडद्यामागे, पुरुषांच्या बाजूला, पडद्याला लागून, एकटेच.

घाईत मी प्रोजेक्टरच्या मशीनवर चित्र डावं-उजवं उलटं लावलं होतं. धावत मागे गेले. "अण्णा, चुकलं माझं. थांबा, सरळ करते."

"इकडून सरळच आहे," पडद्यावरची नजर न काढता ते म्हणाले.

खरंच, तिथे आईचा डावा हात सुई ओढत होता. सावकाश, पाण्याखालून ओढावी तशी.

मी मशीनला हात लावला नाही. बायकांनाच हाक मारली. जन्मात कधी पुरुषांच्या बाजूला न बसलेल्या त्या सगळ्या पदर सावरत आल्या आणि टेकल्या. दुपार कलली. शिवता शिवता गोधडी पडद्याच्या खालच्या कडेपर्यंत आली.

अण्णांनी हळूच पाय जवळ घेतले, तिला जागा व्हावी म्हणून.