फोर्टमधला जागृत दगड

मुंबईच्या फोर्टमधल्या इंग्रजी इमारती दोन तास बघून कराडच्या काकू वैतागल्या. टूर त्यांच्या एकट्यांसाठीच होती, त्यामुळे बोलणी खायलाही मी एकटाच. “अहो गाईड, एवढ्या मोठ्या फोर्टमध्ये एकही जागृत देव नाही?”

रोज बुटाची नाडी बांधायला ज्यावर पाय ठेवतो, त्या फुटपाथवरच्या दगडाकडे मी बोट दाखवलं. “हा काय! नवसाला पावतो.” काकूंनी लगेच चपला काढल्या, पर्समधलं कुंकू वाहिलं आणि सुनेला दिवस जाऊ देत म्हणून हात जोडले.

सुनेला खरंच दिवस गेले. काकूंनी अख्ख्या कराडला सांगितलं. सहा महिन्यांत दगडाला शेंदूर लागला, वर छत्री आली, शेजारी हारवाली बसली. आज सवयीने पाय वर ठेवला, तर ती खेकसली, “मेल्या, बूट काढ!”

काढले. बायकोच्या गाठीचा रिपोर्ट संध्याकाळी मिळणार होता. इकडेतिकडे बघून मी दगडाच्या कानाशी लागलो. “तू कोण आहेस, ते फक्त मला माहीत आहे. रिपोर्ट नीट आण, मी तोंड उघडणार नाही.”