आईचं शेवटचं वाक्य

“काका, मालिकेतली आई शुक्रवारी मारायची. ॲक्ट्रेस सोडून चाललीय,” निर्माता मुंबईहून फोनवर म्हणाला. नेदरलँड्समध्ये आल्मेरेला लेकीकडे आलेल्या नाटककार नीळकंठांनी सवयीने विचारलं, “किती पानं?” नाटकं थांबल्यापासून ते हीच मालिका लिहीत होते, आईच्या तोंडी दिवंगत पत्नीचीच वाक्यं घालून. लेक उत्तरा ती ऐकायलाच अ‍ॅमस्टरडॅमच्या ऑफिसातून ट्रेनने येताना मालिका पाहायची. “बाबा, तिला अमेरिकेला पाठवा ना! मालिकेत सगळे तिकडेच जातात.” “फोटोला हार घालून शूटिंगसुद्धा झालंय गं.” त्यांनी प्रसंग लिहिला, वाणसामानाची यादी करावी तसा. फक्त आईचं शेवटचं वाक्य सुचेना. पत्नी न बोलताच गेली होती. तेव्हा उत्तराचं विमान मुंबईत दुसऱ्या दिवशी उतरलं होतं. “तुला काय ऐकायचं होतं?” त्यांनी विचारलं. उत्तराने पातेल्यावर झाकण ठेवलं. “‘आलीस? आधी जेवून घे.’” नीळकंठांनी ते टाइप करून पाठवलं.