हजेरीतलं नाव

डेटा सेंटरमधल्या स्विचचं सॉफ्टवेअर लिहिणाऱ्या कंपनीत नगमाची उद्या मुलाखत होती. पाठ केलेलं ऐनवेळी विसरेल, या धास्तीने ती तेल्हाऱ्याहून अकोल्याला, शाळेतल्या गावंडे सरांकडे आली.

“मले समजलं, तं सायबालेही समजन,” सर म्हणाले. “सांग, स्विच काय करते?”

“सर, त्याले खूप कॉम्प्युटर जोडलेले असतात. एकाचा निरोप तो दुसऱ्याले पोचवते. नवीन असते तवा कोण कुठं हाय, हे त्याले माहीत नसते. मग तो सगळ्यांकडे निरोप धाडते. जो उत्तर देते, त्याची जागा लिहून ठेवते.”

“म्हणजे पहिल्या दिवशीचा मास्तर! अन् एखादा बोललाच नाही तं?”

“पाच मिनिटं गप्प राहिला, की त्याचं नाव पुसून टाकते.”

“पाच मिनिटांत?” सरांनी चष्मा काढला. “सातवीत मजूर परवडत नव्हते, तं तू दोन महिने कापूस वेचाले घरी राहिली. म्या नाव खोडलं काय?”

नगमा हसली. “स्विचही तसाच हाय, सर. नाव पुसलं, तरी त्याच्यासाठी निरोप आला, की पुन्हा सगळीकडे हाक मारते.”

“मग बरोबर हाय. अन् पाह्य, एकदाही अडखळली नाहीस. जाय उद्या बिनधास्त.” सरांनी चष्मा पुसून पुन्हा लावला. “म्याही रोज तुयं नाव पुकारलं, पोरी. पण ओ कोण देणार?”

“मी देत होती, सर. आमचं वावर शाळेच्या भिंतीमागंच होतं.”