हातातला गणपती

सतरा वर्षांखालील मुलींच्या आशियाई फुटबॉलच्या पात्रता गटात भारताने पहिला सामना अकरा-शून्य जिंकला. आपली गोलकीपर गणपती घडवणाऱ्या आमच्या हमरापूरचीच, मूर्तिकार काळुरामची मुलगी भाविका. काळुरामने गावाच्या ग्रुपवर समोरच्या संघाच्या, अकरा गोल खाल्लेल्या गोलकीपर पोरीचा फोटो टाकून लिहिलं, "हिला कारखान्यात घेऊ नका रं, हातातला गणपती सोडील." सत्तावन्न जण हसले, त्यात मीही. भाविकाही त्याच ग्रुपवर आहे, हे कुणाच्या ध्यानातच नव्हतं.

पुढच्या सामन्यात भाविकाने आठ गोल खाल्ले आणि भारत बाहेर पडला. ग्रुपवर कुणीच काही लिहिलं नाही.

ती घरी आली, तेव्हा काळुराम म्हणाला, "भाविके, ही मूर्ती उन्हात ठेव गो."



तिने दोन्ही हात मागे घेतले. "नको बाबा. सोडीन मी."