ओळख ना पाळख

मुलीच्या लग्नातल्या जेवणाचा चेक वटला नाही, म्हणून केटरर जशवंतभाईंनी ठाकोरभाईंना सुरतच्या कोर्टात खेचलं. ऑर्डर तोंडीच होती; बिल नाही, चिठ्ठी नाही.

वकिलानं पढवलेलं ठाकोरभाई घडाघडा बोलले, "साहेब, तो चेक माझा हरवलेला. या माणसाची माझी ओळख ना पाळख, मग देणं कसलं?"

जशवंतभाईंनी सुस्कारा सोडला. "जाऊ दे, साहेब. पैसे बुडाले तर बुडाले. यांचे व्याही माझा उंधियो खाऊन तृप्त झाले, त्यातच मी भरून पावलो."

वकील कोट धरून खाली ओढत होता, तरी ठाकोरभाई ताडकन उठलेच.

"तृप्त कसले, जशवंतभाई? माझ्या व्याह्यांच्या ताटापर्यंत तुमचा उंधियो पोचलाच नाही!"